एक अधिक एक, गुरुजी अकरा

"अकरा कुणी सांगितले होते तुम्हाला, अण्णा?"

"तुझ्या त्या यंत्राने सांगितले!"

"आणि यंत्राने सांगितले म्हणून तुम्ही अकरा नेलेत?"

"मग काय करायचं होतं? मोबाईल हातात तूच दिलास. म्हणालीस, अण्णा, आता कुणाला विचारायला नको, काही लक्षात ठेवायला नको, सगळं इथे येईल. आलं! अकरा आलं!"

"यजमानांनी दोन भरले होते. एक मुख्य गुरुजी, एक मदतीला."

"एक आणि एक अकरा होतात का तुमच्या मनमाडला?"

"मनमाडला मध्ये आणू नका."

"मग पंचवटीत होतात का?"

वहिनी स्वयंपाकघराच्या दारात उभी होती, हाताला कणीक. अण्णा, म्हणजे माझे वडील गंगाधर गायधनी, हॉलमध्ये खुर्चीवर, अजून धोतरात. उपरणं त्यांनी टीपॉयवर असं टाकलं होतं की जणू तेच सगळ्याचं मूळ आहे. दादा, म्हणजे वहिनीचा नवरा विश्वेश, दोघांच्या मधल्या सोफ्यावर बसून कधी इकडे बघत होता, कधी तिकडे, टेनिसच्या मॅचला बसल्यासारखा.

झालं होतं ते असं. आमच्या घरात पिढ्यान्‌पिढ्या पंचवटीत गंगेवर येणाऱ्या यात्रेकरूंची पूजा सांगायचं काम. आता यजमान फोन करतात, व्हॉट्सॲप करतात, कुणी दुबईहून विचारतं. त्यात सिंहस्थ तोंडावर आलेला. म्हणून तेजश्रीवहिनीने गंगापूर रोडवरच्या एका क्लासला जाऊन वेबसाईट करायला शिकून घेतली आणि स्वतः एक बुकिंगचा फॉर्म बनवला. यजमानाने नाव भरायचं, पूजा निवडायची, तारीख घालायची. मग दोन रकाने: 'मुख्य गुरुजी किती' आणि 'मदतीला किती'. खाली दोघांची बेरीज होऊन ती अण्णांच्या मोबाईलवर निरोप म्हणून जायची. आज सकाळच्या पूजेचा निरोप होता: रुद्राभिषेक, गुरुजी 11.

अण्णांनी अकरा जण जमवले. गंगापूर रोडला, सातव्या मजल्यावर.

"खाली वॉचमनने मला बाजूला घेतलं," दादा म्हणाला, आणि आवाज खाली आणून वॉचमनसारखा बोलला, "'साहेब, कोणत्या फ्लॅटमध्ये झालं?' मी म्हटलं, काय झालं? तर म्हणतो, 'नाही, एवढे गुरुजी एकदम आले म्हणून विचारलं.'"

आईने तोंडाला पदर लावला. अण्णांनी तिच्याकडे पाहिलं. पदर तिथेच राहिला, हसू आत गेलं.

"आणि यजमान?" मी विचारलं.

"हर्षल म्हणून पोरगा आहे, आयटीतला. बापाची पंचाहत्तरी. त्याने दार उघडलं, बघतो तर लिफ्टपासून दारापर्यंत रांग. म्हणाला, 'गुरुजी, दोनावर नऊ फ्री आहेत का?'"

"विश्वेश!" अण्णा.

"तोच म्हणाला, मी नाही."

"माझ्या हयातीत," अण्णा म्हणाले, आणि आता त्यांचा आवाज चढलेला नव्हता, "यजमानाच्या दारातून ब्राह्मण मी माघारी आणलेला नाही. आज नऊ आणले. लिफ्टमधून. सोवळ्याच्या पिशव्यांसकट. जानोरकर गुरुजी तर लिफ्टमध्ये म्हणाले, गंगाधरपंत, आम्ही फिरायला आलो होतो असं समजू."

वहिनीने कणकेचा हात पदराला पुसला. मग लक्षात येऊन पदराकडे बघितलं.

"पण अण्णा, एक सांगा. अकरा आकडा बघून तुम्हाला शंकाच नाही आली?"

"कसली शंका? रुद्राभिषेक, गुरुजी अकरा. लघुरुद्राला अकराच बसतात. बारा आले असते तर विचारलं असतं. सात आले असते तर विचारलं असतं. अकराला काय विचारू?"

चूक इतकी बरोबर दिसत होती की तिला चूक म्हणायचं कसं हेच कळेना.

"सोमवारपर्यंत बघ," अण्णा उठता उठता म्हणाले. "तोवर नीट झालं तर ठीक. नाहीतर यजमानांचे फोन येतात तो तुझ्याकडचा बुकिंगचा मोबाईल माझ्याकडे दे, आणि तू आपलं सोवळ्याचं बघ. आईलाही आता होत नाही."

ते 'सोवळ्याचं बघ' वहिनीला कुठे लागलं, ते मला ठाऊक होतं.

तेजश्रीवहिनी मनमाडची. वडील रेल्वेत, सिग्नल खात्यात. क्वार्टरच्या खिडकीतून जंक्शनचा भोंगा ऐकू यायचा आणि ही पोर त्याच्या जोडीने घोषणा करायची: "यात्री कृपया ध्यान दें." अजूनही भाजी करपली की ती त्याच सुरात सांगते, "यात्री कृपया ध्यान दें, वांग्याची भाजी आज उशिरा येईल." बी.कॉम. झाली, लग्नाआधी दोन वर्षं ट्रॅव्हल ऑफिसात तिकिटं काढत होती. तिथे तिच्या टेबलाला रांग असायची, असं ती सांगते. रांग हा शब्द ती फार प्रेमाने उच्चारते.

मग आमच्या घरी आली. आमच्या घरात बाहेरचं काम पुरुषांचं. बायकांचं काम त्याच्या मागे: सोवळ्याचा स्वयंपाक, नैवेद्य, केळीची पानं, पंचामृताच्या वाट्या. यजमान घरी आले तर चहा. यजमानाची बायको "तुमच्या सूनबाई का?" असं विचारायची आणि आई "हो" म्हणायची, आणि तिथे वहिनी संपायची. सुनेने यजमानाशी बोलायचं नाही असा नियम कुणी केलेला नव्हता. तो नुसता होता. फॉर्म बनवल्यापासून पहिल्यांदा यजमान तिच्या नावाने विचारू लागले. "तेजश्रीताई आहेत का? बुकिंगचं विचारायचं होतं." एकदा तर तिने फोन कानाला लावून माझ्याकडे बोट केलं आणि ओठांनी नुसतं म्हणाली: रांग.

दुसऱ्या दिवशी दुपारी आम्ही तिघी डायनिंग टेबलावर. वहिनीचा लॅपटॉप, आईची लसणाची ताटली, आणि मी.

"बघ आभा. मुख्य एक, मदतीला काही नाही." वहिनीने बटण दाबलं. "गुरुजी एक. बरोबर?"

"बरोबर."

"मुख्य दोन, मदतीला काही नाही. दोन. बरोबर?"

"बरोबर."

"मग मी एवढे दिवस हेच तपासत होते! दुसरा रकाना रिकामा ठेवून. आता बघ. मुख्य एक, मदतीला एक."

पडद्यावर 11.

"दोन आणि एक."

21.

"एकवीस," आई लसूण सोलता सोलता म्हणाली. "मोदकांसारखे."

"पाच आणि एक."

51.

"दक्षिणेसारखे."

"दहा आणि एक."

101.

"अगं, किती शुभ येतंय सगळं!" आईला खरंच आनंद झाला. "आपण आहेरात काय करतो? वर एक घालतो. पन्नासावर एक, शंभरावर एक. तेच करतंय ना ते?"

"आई!" वहिनीने कपाळावर हात मारला. "तेच तर दुखणं आहे! काहीतरी वेडंवाकडं दिसलं असतं तर कुणीतरी पकडलं असतं. अठ्ठेचाळीस आलं असतं, नव्वद आलं असतं. हे जे येतंय ते सगळं शुभ! या घरात शुभ आकड्याला कोण अडवणार?"

मी हसत होते. वहिनी हसत नव्हती. ती लॅपटॉपकडे अशी बघत होती, जणू त्यात कुणीतरी बसलंय आणि मुद्दाम गप्प आहे.

"आणि आता गंमत बघ." तिने पडद्यावर आणखी एक डबा उघडला. "एखाद्या गुरुजींना ऐन वेळी जमत नसेल तर कमी करायचा. अकरातून एक वजा."

पडद्यावर 10.

"हे बरोबर आलं," मी म्हटलं.

"हे बरोबर येतं! वजाबाकी येते त्याला! ज्याला वजाबाकी येते त्याला बेरीज येत नाही, असं कसं? शाळेत पोरांना आधी काय शिकवतात?"

"बेरीज," आई म्हणाली.

"मग?"

आईने ताटली सरकवली. "आमच्या वर्गात एक होता असा," ती विचार करत म्हणाली. "पण तो नंतर पोलिसात गेला."

संध्याकाळी वहिनीने क्लासमधल्या निकिताला फोन लावला आणि स्पीकरवर ठेवला. निकिता निफाडची, बावीस वर्षांची, घरी द्राक्षबाग. रोज बसने येते, क्लासच्या सरांना घाबरत नाही, आणि वहिनीला 'ताई' म्हणते.

"ताई, अवो, माझ्याकडं बी हेच झालंय!"

"काय सांगतेस!"

"मी द्राक्षाच्या क्रेटचं करते नाय का? सकाळी वीस क्रेट, दुपारी पाच. दोनशे पाच दाखवलं. आबा बघत्यात मोबाईलात, म्हणले, पोरी, आपल्या दोन एकरात एका दिवसात दोनशे पाच? मग मी कारखान्याला कशाला जातो, आता तुझं मशीनच बागायत करंल."

"म्हणजे त्यांना लगेच कळलं."

"लगेच. आबांना क्रेट पाठ हायेत. तुमच्याकडं नाय कळलं?"

वहिनीने आमच्याकडे बघितलं. "आमच्याकडे लघुरुद्र निघाला."

"काय निघालं?"

"काही नाही. तू पुढे सांग. का होतंय हे?"

"मी सरांना विचारलं. सर म्हणले, प्रत्येक गोष्टीची जात असते. आकड्याची जात वेगळी, अक्षराची जात वेगळी."

हॉलमधली पेपरची सळसळ थांबली. अण्णा तिथे बसले होते.

"रकान्यात माणूस जे टाईप करतो ना ताई, ते त्याला अक्षर वाटतं. मग तुम्ही एक टाका नायतर दोन टाका. ते म्हणतं, हे अक्षर. अन् दोन अक्षरं आली की ते बेरीज करत नाय, एकापुढं एक बसवतं. क अन् ख काय होतं? कख. तसं एक अन् एक, अकरा. सर म्हणले, दोघांना एका पंगतीला बसवलं की गोंधळ."

"कॉम्प्युटरात पण जात?" हॉलमधून अण्णांचा आवाज.

फोनवर निकिताचा आवाज बारीक झाला. "ताई, तुमचे सासरे हायेत का तिथं?"

"आहेत. बोल तू."

"मी काय बोलू? सर बोलले," निकिता घाईघाईने म्हणाली. मग तिलाच हसू आलं. "अण्णा, नमस्कार. कॉम्प्युटर लय सोवळं पाळतो बघा. आकडा शिवला की चालत नाय त्याला, आधी अक्षराला अंघोळ घालून आकडा करावं लागतं."

पेपरची सळसळ पुन्हा सुरू झाली, आणि त्या सळसळीत, माझी शपथ, थोडं हसू होतं.

"मग वजाबाकी कशी येते त्याला?" वहिनीने विचारलं. तिला अजून पटलेलं नव्हतं. "अक्षरच समजत असेल तर अकरातून एक कसा वजा करतं?"

"ते मला बी नाय कळलं. सर म्हणले, अधिकचं चिन्ह दोन कामं करतं. आकडे दिसले की मिळवतं, अक्षरं दिसली की चिकटवतं. वजाला चिकटवणं येत नाय. मग ते काय करतं, गुपचूप आकडा समजून घेतं आपलंआपण."

"म्हणजे न सांगता?"

"न सांगता."

"मग बेरजेला का नाही समजून घेत?"

"ताई, आता मला बी चक्कर येतेय. आबांनी शेळ्यांना पाणी दाखवायला बोलवलंय. ठेवू?"

फोन ठेवल्यावर वहिनी लॅपटॉपशी बोलायला लागली. ही तिची सवय आहे; स्वयंपाक करताना ती कुकरशी बोलते. "म्हणजे तुला सगळं कळतं. फक्त अधिक म्हटलं की तू मुद्दाम वेड घेऊन पेडगावला जातोस. बरं. आता तुला सांगूनच टाकते. हा आकडा आहे. हा पण आकडा आहे. आता कर."

तिने दोन्ही रकान्यांना कोडमध्ये सांगितलं, की यांना आधी आकडा कर आणि मगच मिळव. बटण दाबलं.

2.

"अण्णा!" वहिनी जवळजवळ ओरडली. "या! बघा! एक आणि एक दोन!"

अण्णा आले. चष्मा कपाळावरून खाली घेतला. "हे सांगायला क्लास?" म्हणाले. पण खुर्ची ओढून बसले. "मला भरून बघू दे."

"भरा ना."

त्यांच्या मोबाईलवर मराठी कीबोर्ड होता. तो वहिनीनेच टाकून दिला होता, कारण त्यांना इंग्रजी आकडे आवडत नाहीत. रकान्यातही मराठी आकडे चालावेत म्हणून तर तिने तो साध्या मजकुराचा ठेवला होता. अण्णांनी दोन बोटांनी सावकाश भरलं. मुख्य: १. मदतीला: १. आणि बटण दाबलं.

पडद्यावर आकडा आला नाही. तीन इंग्रजी अक्षरं आली.

"गुरुजी, नॅन," अण्णांनी वाचलं. "हे काय?"

"नान?" आईने स्वयंपाकघरातून विचारलं. "नान कशाला सांगितलेत? पूजेच्या जेवणाला नान?"

"थांबा, थांबा." वहिनी लॅपटॉपवर वाकली. "नॅन म्हणजे... म्हणजे 'हा आकडा नाही' असं म्हणतंय ते."

"कोण आकडा नाही?"

"हा. एक."

"एक हा आकडा नाही?"

"मराठीतला एक त्याला आकडा वाटत नाही, अण्णा."

"मग काय वाटतं? चित्र?"

"तसंच काहीतरी."

अण्णांनी मोबाईल डोळ्यांजवळ नेला. त्या १ कडे त्यांनी असं पाहिलं, जणू इतकी वर्षं ओळखीचा माणूस अचानक परका निघाला. "मी जन्मभर मोजतोय तो एक," ते म्हणाले, "आणि याला तो आकडा वाटत नाही."

"पण आधी चालत होतं ना तुमच्याकडून?"

"काल भांडण झाल्यावर मी एक आणि एक घालून बघितलं, तर अकरा आले. मराठीत. व्यवस्थित."

"ते चुकीचं होतं, अण्णा!"

"चुकीचं होतं तेव्हा चालत होतं. बरोबर केलंस तर नान." ते उठले. "मला काही कळत नाही तुझं."

"मला तरी कुठे कळतंय!" वहिनी म्हणाली. आणि हे ती इतकं खरं बोलली, की अण्णा दोन पावलं गेलेले परत वळून तिच्याकडे बघायला लागले.

तेही तिने सोडवलं. शून्यापासून नऊपर्यंत एकेका मराठी आकड्याला त्याचा इंग्रजी जोडीदार दाखवून दिला. रविवारी दुपारी अण्णांनी बारा वेगवेगळ्या गोष्टी भरून बघितल्या: मराठीत, इंग्रजीत, एक मराठी एक इंग्रजी, रकाना रिकामा. सगळं बरोबर आलं. अण्णा "हं" म्हणाले. आमच्या घरात अण्णांचं "हं" म्हणजे टाळ्या.

वहिनी त्या दिवशी चहा करताना गुणगुणत होती. दादा मला हळूच म्हणाला, "वाचली गं." मग त्याने गाडीवाल्या मंगळूला फोन लावला, कारण सोमवारी पहाटे मालेगावला जायचं होतं. दीपकराव म्हणून यंत्रमागवाले यजमान, त्यांच्या वडिलांच्या काळापासून अण्णांकडेच.

"मंगळू विचारतोय जीप आणू की छोटी गाडी," दादा फोनवर हात ठेवून म्हणाला. "किती जण आहेत उद्या?"

अण्णांनी मोबाईल बघितला. "अकरा."

वहिनीच्या हातातली गाळणी तशीच राहिली.

"काय?"

"रुद्राभिषेक, मालेगाव, दीपकराव. गुरुजी अकरा. मी सगळ्यांना सांगून ठेवलंय."

"हे बुकिंग कधीचं आहे?"

"मागच्या आठवड्यातलं."

वहिनीने गाळणी ओट्यावर ठेवली आणि लॅपटॉप उघडला. मी तिच्या मागे जाऊन उभी राहिले. मालेगाव. 11. दीपकरावांनी रकान्यांत काय भरलं होतं ते तिने शोधलं. इकडे गेली, तिकडे गेली. मग खुर्चीत मागे टेकली.

"नाहीये."

"काय नाहीये?" दादा.

"ते दोन रकाने. मी फक्त एकूण ठेवत होते. रकान्यात काय भरलं ते ठेवलंच नाही. मला वाटलं, एकूण असलं की झालं." ती आमच्याकडे वळली. "हे जुनं आहे. दुरुस्तीच्या आधीचं. यांनी अकरा भरले असतील आणि दुसरा रकाना रिकामा, तर अकरा खरे. एक आणि एक भरले असतील तर दोन."

"मग कोणते आहेत?"

"दिसत नाही. दोन्ही सारखेच दिसतात."

"तू बघ ना नीट."

"बघून काय दिसणार? अकरा दिसतंय!"

"अण्णा," दादा म्हणाला, "दीपकरावांकडे दरवर्षी किती असतात?"

अण्णा विचारात पडले. "त्यांचे वडील होते तेव्हा लघुरुद्रच. अकरा. मग ते गेले, धंदा खाली गेला, तेव्हा दोघंच जायचो. मागच्या वर्षी मुलीचं लग्न झालं तेव्हा परत अकरा."

"आणि यंदा?"

"यंदा त्यांनी अकरा लिहिलेत ना."

"लिहिलेले नाहीत, अण्णा," वहिनी म्हणाली. "चिकटलेले असतील."

फोनमधून मंगळूचा बारीक आवाज आला. दादा म्हणाला, "मंगळू, जरा थांब. अरे हो, किती जण तेच बघतोय. नाही, अजून ठरतंय. अकरा किंवा दोन. हो, अकरा किंवा दोन. हसू नकोस."

"सोपं आहे," वहिनी म्हणाली. "मी दीपकरावांना फोन करून विचारते. मुख्य किती, मदतीला किती. दोन मिनिटांचं काम."

"नाही," अण्णा म्हणाले.

"का?"

"यजमानाला दुसऱ्यांदा विचारायचं नाही."

"अण्णा, साधा प्रश्न आहे..."

"तुला साधा आहे. त्यांनी एकदा सांगितलं. आमच्याकडे यजमान एकदा सांगतो आणि आम्ही ते लक्षात ठेवतो. त्याच्या आजोबांचं नाव, गोत्र, कुणाचं श्राद्ध कधी, त्याला सांगावं लागत नाही. म्हणून तो आमच्याकडे येतो. आता त्याला विचारायचं, की तुम्ही काय सांगितलं होतं? आम्ही विसरलो?"

"तुम्ही विसरला नाहीत. मी विसरले. माझं कोड विसरलं."

"त्याला काय माहीत कोड? त्याच्या दृष्टीने गायधनी विसरले."

"आणि अकरा नेले आणि तिथे दोन हवे असले तर? तिथे लिफ्ट पण नाहीये, अण्णा. जीपमधून परत आणाल नऊ जणांना?"

दादाने डोळे मिटले.

"आणि दोन नेले," वहिनी थांबेना, "आणि तिथे लघुरुद्राची तयारी असली, तर? अकरा पाट मांडलेले, अकरा आसनं, आणि तुम्ही दोघं? तेव्हा काय सांगाल?"

"तेव्हाचं तेव्हा बघू."

"तेव्हाचं तेव्हा!"

"मग आता तूच सांग!" अण्णा उभे राहिले. "एवढं शिकलीस, दिवसभर त्या डब्यापुढे बसलीस, मला नान खायला घातलंस. आता सांग, हे अकरा म्हणजे किती?"

वहिनीने पडद्याकडे पाहिलं. मलाही त्या दोन उभ्या रेषा दिसत होत्या. एक आणि एक. की अकरा. मी कितीही वेळ बघितलं तरी त्या बदलत नव्हत्या, आणि बदलत नव्हत्या म्हणून आणखी कळेनाशा होत होत्या.

"मला सांगता येत नाही," ती म्हणाली. "ज्यांनी भरलं त्यांनाच माहीत."

"मग नाही कळायचं. अकरा जातील."

"मी विचारते."

"तेजू, राहू दे," दादा म्हणाला. "आजच्या दिवस राहू दे. अकरा नेऊ. जास्त झाले तर झाले."

"हे बघ," अण्णा म्हणाले, आणि त्यांचा आवाज पुन्हा तसा खाली आला, लिफ्टबद्दल बोलले होते तसा. "काम चांगलं केलंस तू. मी नाही म्हणत नाही. पण यजमानाला फोन लावलास, तर उद्यापासून बुकिंगचा मोबाईल माझ्या खिशात राहील. मग तू फॉर्म कर, नाहीतर लाडू कर. चालेल तुला?"

आई स्वयंपाकघराच्या दारात आली होती. दादाच्या फोनमधून मंगळू म्हणत होता, "हॅलो? साहेब? किती?"

वहिनीने बुकिंगचा मोबाईल चार्जरवरून काढला. पिन सुटताना तो एकदा थरथरला. तिने अण्णांकडे पाहिलं नाही, दादाकडे पाहिलं नाही. दार उघडलं, आणि दीपकरावांचा नंबर लावत, चपला न घालताच जिना उतरून गेली.